जामिनाच्या तारखा आणि बुडालेली मजुरी



जामिनाचा अर्ज सुनावणीस येतो तेव्हा सरकार पक्षाचे म्हणणे दाखल नसते, तारीख पडते. पुढच्या तारखेस तपास अधिकारी गैरहजर, पुन्हा तारीख. दप्तरी ही केवळ तहकुबी. रोजंदारीवर जगणाऱ्याच्या घरी मात्र तितक्या दिवसांची मजुरी बुडते, आणि निर्दोष सुटला तरी ती त्याला कोणी भरून देत नाही.

१९७८ साली मोतीराम या गवंड्याचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. जामीन मंजूर होता. पण हमी मागितली १०,००० रुपयांची! शिवाय भाऊ व त्याची मालमत्ता परजिल्ह्यातील, म्हणून त्याची हमी अमान्य. न्या. कृष्ण अय्यर यांनी १,००० रुपयांच्या जातमुचलक्यावर मोतीरामला सोडण्याचा आदेश दिला. पुढच्याच वर्षी हुसैनारा खातून प्रकरणात बिहारमधील असे कच्चे कैदी उजेडात आले की, आरोप शाबीत होऊनही त्यांना एवढी कैद झाली नसती.

२०२२ च्या सतेंदर कुमार अंतिल निकालाने सर्वसाधारणपणे दोन आठवड्यांची मुदत घातली. तरीही त्या वर्षअखेर देशातील सुमारे तीन-चतुर्थांश कैदी कच्चेच होते.

जामीन मिळूनही ऐपतीच्या दाखल्यावाचून माणूस आतच राहतो. महिन्याभरात जामीनदार न मिळाल्यास न्यायालयाने स्वतःहून अटी शिथिल करण्याचा विचार करावा, असा जानेवारी २०२३ चा निर्देश आहे. परंतु न्यायालयाच्या हे ध्यानी आणून द्यायचे कोणी? अशा कैद्यांच्या कुटुंबांस गाठून जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात अर्ज देववणे प्रत्येक तालुका शाखेला शक्य आहे. त्यास ना निधी लागतो, ना मोर्चा.