ठिपके किती, चित्रं किती?

(आकाशवाणीवरून प्रसारित झालेल्या भाषणाचा संपादित भाग)



आजचा विषय ऐकून काही जणांना हा पोरखेळ वाटेल. टीव्हीला जोडून खेळायचे व्हिडिओ गेम, आणि त्यांच्या चित्राचा नेमकेपणा व वेग यांचं गणित. पण वाशीममध्ये टीव्ही दुरुस्तीचं दुकान चालवताना दिवाळीच्या आगेमागे, सोयाबीनचे पैसे हातात आले की, एक प्रश्न मला हमखास ऐकायला मिळतो. रिसोडकडचे, मंगरूळपीरकडचे वडील मुलाला सोबत घेऊन येतात आणि विचारतात, "भाऊ, पोरगं म्हणते गेमची मशीन घेतली तं टीव्हीबी फोर-केचाच पाह्यजे. खरं हाय का हे?"

प्रश्न साधा आहे, पण त्यामागची रक्कम साधी नाही. प्लेस्टेशन ५ हे यंत्र २ फेब्रुवारी २०२१ रोजी भारतात विक्रीला आलं तेव्हा त्याची किंमत ४९,९९० रुपये होती. २०२४-२५ च्या हंगामात सोयाबीनचा हमीभाव क्विंटलला ४,८९२ रुपये होता. त्या भावाने हिशेब केला तर हे यंत्र म्हणजे दहा क्विंटल सोयाबीन. आपल्याकडच्या कोरडवाहू जमिनीत दीड-दोन एकरांचं पीक. त्यावर पुन्हा नवा टीव्ही. एवढा पैसा घालण्याआधी आपण नेमकं काय विकत घेतो आहोत हे घरातल्या मोठ्यांनाही कळायला हवं.

आधी रेझोल्युशन हा शब्द समजून घेऊ. ठिपक्यांची रांगोळी आपल्याला माहीत आहे. टीव्हीचा पडदा हीसुद्धा एक ठिपक्यांची रांगोळीच आहे. ज्याला 'फुल एचडी' किंवा १०८० म्हणतात, त्यात आडवे १९२० आणि उभे १०८० ठिपके असतात. गुणाकार केला तर पावणेएकवीस लाखांच्या आसपास ठिपके. 'फोर-के'मध्ये आडवे ३८४० आणि उभे २१६०, म्हणजे सुमारे ८३ लाख. दोन्ही बाजू दुप्पट झाल्या, म्हणून ठिपके चौपट झाले. चौपट ठिपके म्हणजे त्यांत रंग भरण्याचं कामही जवळपास चौपट, हे इथेच लक्षात ठेवा.

दुसरा शब्द फ्रेम रेट. दर सेकंदाला किती चित्रं पडद्यावर येतात, तो आकडा. सिनेमा सेकंदाला २४ चित्रांवर चालतो आणि आपल्याला तो कुठेही अडखळलेला वाटत नाही. मग गेमला ६० कशाला, असं कुणीही विचारेल. कारणं दोन. सिनेमाच्या प्रत्येक चित्रात हालचालीची थोडी पुसट रेघ कॅमेऱ्यानेच टिपलेली असते, त्यामुळे एक चित्र पुढच्या चित्रात मिसळून जातं. दुसरं कारण जास्त महत्त्वाचं. सिनेमा आधीच तयार असतो, आपण तो नुसता पाहतो. गेममध्ये बटण आपल्या हातात असतं. आपण उडी मारली की यंत्राला त्या क्षणी पुढचं चित्र नव्याने काढावं लागतं. सेकंदाला ३० चित्रं असतील तर एका चित्राला ३३ मिलिसेकंद मिळतात. ६० असतील तर १६ ते १७ मिलिसेकंद. चित्र जितकं लवकर बदलेल तितकं बोटाचं उत्तर डोळ्याला लवकर मिळतं. म्हणून क्रिकेटचा, मोटारींच्या शर्यतीचा किंवा मारामारीचा गेम ६० वर खेळणारा मुलगा ३० वर खेळताना 'गेम जड झाला' म्हणतो. तो लाडावला आहे असं समजू नका. फरक खरा आहे.

आता अडचण कुठे येते? यंत्राची ताकद ठरलेली असते. ज्याच्याकडे तुषार सिंचनाचा संच आहे, त्याला हे चटकन कळेल. मोटार तीच, विहीर तीच. नोझल वाढवले तर जास्त रान भिजतं, पण दाब कमी होतो आणि फवारा जवळच पडतो. नोझल कमी केले तर दाब चांगला मिळतो, पण रान थोडं भिजतं. गेमच्या यंत्राचंही तसंच. एकतर जास्त ठिपके भरा, नाहीतर जास्त चित्रं काढा.

आकड्यांत पाहा. फोर-के चित्र सेकंदाला ३० वेळा काढायचं तर सेकंदाला सुमारे २५ कोटी ठिपके भरावे लागतात. तेच ६० वेळा काढायचं तर ५० कोटी. यांच्या मधला एक आकार आहे, २५६० बाय १४४०, सुमारे ३७ लाख ठिपक्यांचा. तो ६० वेळा काढला तर २२ कोटी होतात. म्हणजे ३० च्या वेगाचं फोर-के आणि ६० च्या वेगाचं १४४० ही जवळपास सारखीच मेहनत आहे. यंत्राने तुमचं काही काढून घेतलेलं नसतं. त्याच ताकदीची वाटणी दोन तऱ्हांनी केलेली असते.

म्हणूनच अलीकडच्या बऱ्याच गेममध्ये सुरुवातीलाच दोन पर्याय दिसतात. एक 'क्वालिटी' किंवा 'फिडेलिटी', दुसरा 'परफॉर्मन्स'. नोव्हेंबर २०२० मध्ये आलेल्या स्पायडर-मॅन माइल्स मोरालेस या गेममध्ये पहिला पर्याय फोर-के चित्र आणि काचेतली, पाण्यातली खरीखुरी प्रतिबिंबं ३० च्या वेगाने दाखवत होता. दुसऱ्यात प्रतिबिंबांचा तो थाट सोडून ६० चा वेग मिळत होता. महिनाभरात कंपनीने तिसरा पर्याय दिला. त्यात ठिपके कमी केले आणि प्रतिबिंबं व वेग दोन्ही राखले. तिन्ही पर्याय एकाच यंत्रावर. कशावर पाणी सोडायचं, एवढाच प्रश्न होता.

आणखी एक बारकावा आहे. रांगोळीला दोघी बसल्या आहेत असं समजा. एक नक्षी ठरवते, दुसरी रंग भरते. गेमच्या यंत्रातही असे दोन कारागीर असतात. एक ठरवतो की चेंडू कुठे गेला, शत्रू कुठून आला, कोण पडलं. दुसरा ठिपके रंगवतो. ठिपके कमी केले की दुसऱ्याचं काम हलकं होतं, पण पहिल्याचं तेवढंच राहतं. गर्दीच्या शहरात शेकडो माणसं आणि गाड्या हलत असतील, तर पहिलाच मागे पडतो. मग चित्र कितीही पुसट केलं तरी ६० चा वेग येत नाही. 'क्वालिटी कमी केली तरी अडकते' अशी तक्रार मुलं करतात, तिचं कारण पुष्कळदा हेच असतं. यात व्होल्टेजचा काही संबंध नाही.

ही ओढाताण आजची नाही. १९९८ मध्ये वाशीम जिल्हा वेगळा झाला, त्या सुमारास आपल्याकडे घरोघरी 'टीव्ही गेम' होता. सामुराई, लिटल मास्टर, टर्मिनेटर अशी नावं आठवत असतील. जपानच्या निन्टेन्डो कंपनीच्या १९८३ सालच्या फॅमिकॉम यंत्राच्या त्या नकला होत्या. चित्र फक्त २५६ बाय २४० ठिपक्यांचं. त्या यंत्राची एक मर्यादा होती. एका आडव्या ओळीत हलणारी आठच छोटी चित्रं ते दाखवू शके. कॉन्ट्रा खेळताना शत्रू आणि गोळ्या एका रांगेत आल्या की आकृत्या लुकलुकायच्या. मुलं कॅसेट काढून फुंकर मारत. खरं तर यंत्र बिघडलेलं नसे. आठापेक्षा जास्त आकृत्या झाल्या की दर चित्रात वेगळी आकृती वगळायची, म्हणजे कुठलीच कायमची नाहीशी होत नाही, अशी ती गेम लिहिणाऱ्यांची युक्ती होती. त्या युक्तीलाच आपण लुकलुक म्हणत होतो.

आजच्या युक्त्या जास्त चतुर आहेत. पडद्यावर गर्दी झाली की यंत्र तेवढ्यापुरते ठिपके कमी करतं आणि गर्दी ओसरली की पुन्हा वाढवतं. २०१६ मध्ये आलेल्या प्लेस्टेशन ४ प्रो या यंत्राच्या कित्येक गेममध्ये बुद्धिबळाच्या पटासारखी युक्ती वापरली गेली: एका चित्रात निम्मी घरं भरायची, पुढच्या चित्रात उरलेली निम्मी, आणि आधीच्या चित्रावरून बाकीचा अंदाज बांधायचा. त्यानंतर छोट्या चित्रावरून हिशेबाने मोठं चित्र तयार करण्याच्या पद्धती आल्या. तेव्हा खोक्यावर 'फोर-के' लिहिलेलं असलं म्हणजे ८३ लाख ठिपक्यांतला प्रत्येक ठिपका यंत्राने स्वतः रंगवला, असा त्याचा अर्थ घेऊ नये. पण ही फसवणूकही नव्हे. अंदाज चांगला असला तर तो आपल्या डोळ्यांना कळतही नाही.

आता वडिलांच्या प्रश्नाकडे येऊ. टीव्ही फोर-केचाच हवा का? हे दोन गोष्टींवर ठरतं: पडदा किती मोठा आहे आणि तुम्ही किती लांब बसता. ४३ इंची फुल एचडी टीव्हीचा एक ठिपका साधारण अर्धा मिलिमीटर असतो. निकोप डोळ्यांना तो साडेपाच फुटांच्या पलीकडून सुटा दिसत नाही. ५५ इंची पडद्यासाठी हे अंतर सात फुटांच्या थोडं पुढे जातं. आपल्या घरांत टीव्ही एका भिंतीला आणि दिवाण समोरच्या भिंतीला असतो. मधे आठ-दहा फूट अंतर असतं. तिथून ४३ इंची पडद्यावर फुल एचडी आणि फोर-के यांतला फरक बहुतेकांना जाणवणार नाही. ३० आणि ६० मधला फरक मात्र कितीही लांबून जाणवतो, कारण तो हातालाही कळतो. म्हणून माझा सल्ला असा, की घरात चालू असलेला फुल एचडी टीव्ही केवळ गेमसाठी बदलू नका. यंत्राने मोठं चित्र काढून ते लहान पडद्यावर दाबून बसवलं, तर कडा उलट स्वच्छ दिसतात.

३२ इंची टीव्हीवर 'एचडी रेडी' लिहिलेलं असेल, तर त्याचे ठिपके बहुधा १३६६ बाय ७६८, म्हणजे साडेदहा लाखच असतात. त्यावर गेम चालतो, खेळता येतो. फक्त महागड्या यंत्राचा पुरता उपयोग होत नाही. अशा घरासाठी कमी किमतीचं यंत्र शहाणपणाचं ठरतं. २०२० मध्ये आलेलं एक्सबॉक्स सिरीज एस १४४० चं चित्र डोळ्यांसमोर ठेवूनच बनवलं होतं आणि भारतात त्याची किंमत तेव्हा ३४,९९० रुपये होती. मोठ्या भावापेक्षा पंधरा हजारांनी कमी.

काही गोष्टी फुकट करता येतात, त्या आधी करा. टीव्हीच्या सेटिंगमध्ये 'गेम मोड' असतो, तो लावा. एरवी टीव्ही प्रत्येक चित्र घासूनपुसून मग दाखवतो आणि त्यात वेळ जातो. बटण दाबल्यावर उशीर होतो तो पुष्कळदा यामुळे. यंत्र बंद शोकेसमध्ये ठेवू नका. मे महिन्यात आपल्याकडे पारा चाळिशीच्या पुढे जातो; वारा मिळाला नाही तर पंखा घरघरतो आणि शेवटी यंत्र स्वतःला बंद करून घेतं. मागच्या जाळीतली धूळ साफ करत जा. नवा टीव्ही घ्यायचाच झाला, तर पाटीवरच्या मोठ्या आकड्याला भुलू नका. पडदा खरोखर १२० हर्ट्झचा आहे की ६० चा, आणि फोर-के १२० साठी लागणारं एचडीएमआय २.१ आहे का, हे दुकानदाराकडून बिलावर लिहून घ्या.

पर्याय निवडताना साधा नियम ठेवा. शर्यत, क्रिकेट, फुटबॉल, नेमबाजी असेल तर परफॉर्मन्स. रमतगमत फिरण्याचा, गोष्टीचा गेम असेल तर क्वालिटी. दोन्ही पर्याय दहा-दहा मिनिटं खेळून पाहा आणि आपल्या डोळ्यांना विचारा. सेकंदाला ४५ चित्रं ६० हर्ट्झच्या पडद्यावर समान बसत नाहीत, काही चित्रं जास्त वेळ थांबतात आणि धक्के जाणवतात. म्हणून कधी कधी सरळ ३० हे डळमळत्या ४५ पेक्षा डोळ्यांना शांत वाटतं.

शेवटी एक गोष्ट मुलांसाठी. हे गेम परदेशातच बनतात असं समजू नका. पुण्यात २००८ पासून यूबीसॉफ्ट या फ्रेंच कंपनीचा स्टुडिओ सुरू झाला. पुण्याच्याच नॉडिंग हेड्स गेम्स या छोट्या संस्थेने 'राजी' हा गेम केला. हरवलेल्या भावाच्या शोधात असुरांशी लढणाऱ्या मुलीची ती गोष्ट. ऑगस्ट २०२० मध्ये तो आधी निन्टेन्डो स्विचवर आला, ऑक्टोबरमध्ये प्लेस्टेशन ४, एक्सबॉक्स वन आणि संगणकावर. स्विचचा पडदा १२८० बाय ७२० चा, हातात मावणारा आणि बॅटरीवर चालणारा. तिथे ताकद फारच मोजून वापरावी लागते. 'राजी'मध्ये गोष्टीचा बराच भाग छायाबाहुल्यांच्या खेळासारखा दाखवला आहे. कोकणात पिंगुळीला ठाकर मंडळींनी चामड्याच्या बाहुल्यांचा हा खेळ जपला आहे. एक दिवा, एक पडदा आणि कातलेली आकृती, एवढ्यात रामायण उभं राहतं. ठिपके थोडे असले तरी चित्र देखणं होऊ शकतं, ते काढणाऱ्याच्या नजरेमुळे.

आणि पालकांनो, मुलगा किंवा मुलगी फोर-के मागत असेल तर लगेच नाही म्हणू नका, लगेच हो पण म्हणू नका. कागद-पेन्सिल द्या. पडद्याचे ठिपके, बसण्याचं अंतर, हवा असलेला वेग आणि एकूण खर्च, हे चार आकडे त्यांच्याकडूनच मांडून घ्या. गुणाकार-भागाकाराचाच हिशेब आहे, सातवीतल्या मुलाला जमेल. तो हिशेब पाहून मगच पैसे बाहेर काढा.