अकरा मिनिटं, एकच फ्रेम

आज रोहिणखेडहून बोलतोय, माझ्या गावाहून. तालुका मोताळा, जिल्हा बुलढाणा. मागून कोंबडा ओरडला तर समजून घ्या, स्टुडिओ नाही आपल्याकडे.

बरेच जण विचारतात, फोनवर डॉक्युमेंटरी होते का? होते ना. २०१३ ची एक फिल्म आहे, 'फ्रॉम गल्फ टू गल्फ टू गल्फ'. ती केली मुंबईच्या 'कॅम्प' या कलाकार गटानं. शायना आनंद, अशोक सुकुमारन ही त्यातली मुख्य नावं. कच्छकडची लाकडी जहाजं माल घेऊन इराणच्या आखातात, सोमालियाकडे जातात. त्यांच्यावरचे खलाशी मोबाईलवर व्हिडिओ काढायचे, आवडतं गाणं जोडायचे आणि ब्लूटूथनं एकमेकांना पाठवायचे. कॅम्पनं वर्षानुवर्षं या लोकांशी नातं ठेवलं, ते व्हिडिओ जमवले आणि ८३ मिनिटांची फिल्म केली. चित्र मध्येच फुटतं. पण समुद्र बघायला घाई कुणालाच नाही.

त्यांचंच २०२२ चं 'बॉम्बे टिल्ट्स डाउन' बघा. ३५ मजली इमारतीवर सीसीटीव्ही कॅमेरा, एकाच जागी. तो आकाशातून हळूहळू खाली येतो आणि टॉवरच्या पायाशी वस्ती दिसते. जो कॅमेरा आपल्यावर नजर ठेवायला लावतात, त्याच्याकडून असं काम करून घेतलं. मला हे फार आवडतं.

(चित्रकारानं सिनेमा करणं नवीन नाही, बरं का. पंढरपुरात जन्मलेल्या हुसेन यांच्या लघुपटाला १९६७ मध्ये बर्लिनला गोल्डन बेअर मिळालं होतं.)

तर, यंदा मीही करून पाहिलं. पुढच्या वर्षी आमचं शेत मक्त्यानं द्यायचं ठरलंय. म्हणून कापूस वेचताना बाबांना शूट करायला गेलो. फोन बांधावर दगडाला टेकवला. बाबा म्हणाले, "कायले शूटिंग करतं रे? ओटी बांध अन् वेचाले लाग." पाच मिनिटांनी ते फोन विसरले.

रात्री बघितलं. अकरा मिनिटं, एकच फ्रेम. सातव्या मिनिटाला लक्षात आलं, बाबा डाव्या हातानंच वेचतायत. उजव्या हाताची बोटं मिटतच नाहीत. इतकी वर्षं सोबत वेचतोय आणि मला माहीत नाही! रील केली असती तर तेवढंच कापलं गेलं असतं.

त्यांना दाखवलं. बराच वेळ काही बोलले नाहीत. मग, "हे कोनाले दाखवू नको." म्हणून ती क्लिप कुठेही टाकलेली नाही. ती चांगली आहे, हे मला माहीत आहे, आणि टाकावीशी रोज वाटते. तुम्हाला सांगतोय तेही त्यांना विचारूनच. बोलायला हरकत नाही म्हणाले, दाखवायला आहे.

दुसऱ्या दिवशी फोन त्यांच्याच हातात दिला, खलाशांसारखा. त्यांनी काय काढलं? चार मिनिटं मोटरचं पाणी पाटात पडतंय, बस. आणि शेवटी मी, पाठमोरा, पऱ्हाटीत वाकलेला.