देवाची जमीन कोणाची?



थळ घाटाच्या माथ्यावर वसलेलें आमचें इगतपुरी गांव बाहेरच्या मंडळींना पावसामुळें आणि आगगाडीमुळें ठाऊक आहे. २०२५ सालच्या जून महिन्यांत समृद्धि महामार्गाचा इगतपुरीपासून आमणेपर्यंतचा अखेरचा टप्पा खुला झाला आणि मुंबई आम्हांस आणखी जवळ आली. रस्ता आला म्हणजे जमिनीचा भाव चढतो. आणि भाव चढला म्हणजे ज्या माळाकडे दोन पिढ्या कोणी ढुंकून पाहिलें नाहीं, त्यावर हक्क सांगणारे वाढतात. खाजगी जमिनीस तिचा धनी राखतो. परंतु देवळाच्या दिवाबत्तीसाठीं, पांजरपोळासाठीं किंवा गरीब विद्यार्थ्यांच्या वसतिगृहासाठीं दान दिलेल्या जमिनीचा धनी स्वतः उठून कचेरींत जाऊं शकत नाहीं. त्याच्या वतीनें कोणी बोलावयाचें, हा आजच्या भाषणाचा विषय आहे.

अशा दाव्यांत पहिला प्रश्न निघतो तो दानाच्या स्वरूपाचा. मूळ दात्यानें प्रत्यक्ष जमीन दिली, कीं तिचा केवळ सारा देवाकडे लावून दिला? साराच दिला असेल, तर माती पूर्वीच्या धारकाची राहते आणि देवस्थानाचा हक्क वसुलापुरता उरतो. १८५२ च्या कायद्यान्वयें इनाम कमिशननें जुन्या सनदा तपासल्या. सरकारी दप्तरांत देवस्थान इनाम हा तिसरा वर्ग ठरला. त्या दप्तरांचे उतारे आजही दाव्यांत पुरावा म्हणून पुढें येतात.

जमीनच दिली असल्यास तिचा मालक कोण, हा दुसरा प्रश्न. डाकोर येथील देवस्थानाच्या प्रकरणीं मुंबई हायकोर्टानें १८८७ सालीं देवमूर्तीस कायद्याच्या दृष्टीनें व्यक्ति मानलें आणि देवापुढें येणारें द्रव्य स्वीकारणारे सेवक हे विश्वस्त होत, असा निर्णय दिला. हा विचार आपल्या न्यायालयांनीं पुढें सतत पाळला आहे.

असें असतां देवाची जमीन जाते कशी? बहुधा ती एका दिवसांत जात नाहीं. सातबाऱ्यावर आरंभीं देवाचें नांव असतें आणि त्याखालीं वहिवाटदार म्हणून गुरवाचें अथवा पुजाऱ्याचें. तो वारला कीं मुलांची वारसनोंद होते. पुढच्या पिढींत भाऊ वांटणी मागतात. मग एखाद्या नव्या उताऱ्यावर देवाचें नांव लिहावयाचें राहून जातें. मराठीच्या शिक्षकाच्या दृष्टीनें पाहिल्यास हा षष्ठी विभक्तीचा घोटाळा आहे. ‘देवाची जमीन’ यांतील षष्ठी मालकीची, तर ‘गुरवाची जमीन’ यांतील षष्ठी सेवेच्या संबंधाची. बोलण्यांत हा भेद पुसट होतो आणि कालांतरानें कागदावरूनही नाहींसा होतो. फेरफाराच्या नोंदीनें मालकी उत्पन्न होत नाहीं, हें न्यायालयांनीं अनेकदां सांगितलें आहे. तरी विकत घेणाऱ्यास तोच कागद दाखविला जातो.

मध्य प्रदेशांतील देवळांच्या जमिनींविषयीं सुप्रीम कोर्टानें ६ सप्टेंबर २०२१ रोजीं निर्णय दिला कीं, मालकाच्या रकान्यांत देवाचेंच नांव असावें. पुजारी हा देवाच्या वतीनें व्यवस्था पाहणारा आहे.

येथें दुसरी बाजूही ऐकिली पाहिजे. पहांटे उठून देऊळ झाडणाऱ्या गुरवास त्या जमिनीवांचून दुसरें वेतन नसतें. तीच गोष्ट कुळाची. १ एप्रिल १९५७ या कृषकदिनीं आपल्या भागांतील अनेक कुळें कसलेल्या जमिनीचीं मालक झालीं. परंतु १९४८ च्या कूळकायद्याचें कलम ८८-ब धर्मादाय संस्थांच्या जमिनींस सूट देतें. शेजारच्या बांधापलीकडला मनुष्य मालक झाला आणि देवाच्या शेतांत राबणारा कूळच राहिला. या सुटीस कायद्यानें अट घातली आहे: संस्था नोंदलेली असावी आणि जमिनीचें सारें उत्पन्न संस्थेच्या कार्याकडेच लागावें. माझ्या मतें याच अटींत न्याय सांठविला आहे. कुळाकडून जो त्याग मागितला, तो देवासाठीं मागितला. विश्वस्तांच्या सोयीसाठीं नव्हे. ज्या देवळांत सांजवात लागत नाहीं, त्याच्या विश्वस्तांनीं कोणत्या तोंडानें कुळापुढें देवाचा हक्क सांगावा?

विश्वस्तांवर अंकुश म्हणून १९५० सालीं मुंबई सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायदा झाला. त्याच्या ३६ व्या कलमाप्रमाणें धर्मादाय आयुक्तांच्या पूर्वपरवानगीवांचून संस्थेची स्थावर मिळकत विकतां, बदलतां अथवा बक्षीस देतां येत नाहीं. शेतजमीन दहा वर्षांहून आणि इतर जमीन अथवा इमारत तीन वर्षांहून अधिक मुदतीच्या पट्ट्यानें देतां येत नाहीं. तथापि परवानगीचा शिक्काही लोकांच्या डोळ्यांची जागा घेऊं शकत नाहीं. पुण्याच्या मॉडेल कॉलनींतील जैन वसतिगृहाच्या जागेचा व्यवहार २०२५ सालीं परवानगी मिळूनच झाला होता. समाजानें आणि विद्यार्थ्यांनीं आवाज उठविला, तेव्हां तो त्याच वर्षीं रद्द झाला.

आवाज वेळेवर उठला पाहिजे, हें महत्त्वाचें. विश्वस्त स्वतः मुदतीच्या कायद्याआड लपूं शकत नाहीं; पण मोबदला देऊन त्याच्याकडून जमीन घेणाऱ्याविरुद्ध सामान्यतः बारा वर्षांचीच मुदत असते. ती कोणत्या दिवसापासून मोजावयाची, यावरच पुष्कळ दावे वर्षानुवर्षें चालतात.

म्हणून आपल्यापैकीं प्रत्येकानें आपल्या मूळ गांवच्या देवळाचा सातबारा एकदां काढून पाहावा. मालकाच्या रकान्यांत देवाचें नांव आहे काय? धर्मादाय कचेरींतील नोंदवहींत तोच गट क्रमांक आहे काय? आणि त्या जमिनीच्या उत्पन्नांतून गाभाऱ्यांत दिवा लागतो काय? पहिल्या दोन प्रश्नांचें उत्तर कागदावर मिळेल. तिसऱ्यासाठीं मात्र सांजवेळीं देवळांत जावें लागेल.