कोर्लई : खाडीपलीकडचे एक गाव



चैत्र-वैशाखात जिथे विहिरींचे तळ दिसू लागतात, अशा आपल्या गेवराई तालुक्यात, या चकलांब्यात, समुद्रकाठच्या एका गावावर व्याख्यान देणे हे थोडे धाडसच म्हणावे लागेल. येथून समुद्र तीनशे किलोमीटरांहून अधिक दूर. तरी आम्ही हा विषय घेतला, त्याला कारण आहे. सोळाव्या शतकात बीड आणि चौल ही दोन्ही ठिकाणे अहमदनगरच्या निजामशाहीच्या मुलखात मोडत. बीड तिच्या पूर्वेकडचे ठाणे, चौल तिचे पश्चिमेकडचे बंदर. दख्खनचे कापड घाट उतरून चौलास जाई आणि अरबस्तानचे घोडे तिथे उतरून घाट चढत. तेव्हा आज ज्या गावाबद्दल बोलायचे, ते आपल्याला अगदीच परके नाही.

कोर्लई हे ते गाव. रायगड जिल्ह्यात, मुरूड तालुक्यात. सह्याद्रीत उगम पावलेली कुंडलिका नदी कोलाड, रोहे करीत पश्चिमेस येते आणि समुद्राला मिळताना तिची रुंद खाडी होते. (आपल्या बीड जिल्ह्यातही एक कुंडलिका आहे, नाव तेच, नदी निराळी.) खाडीच्या उत्तर तीरावर रेवदंडा, म्हणजे चौलाचाच समुद्राकडचा भाग. दक्षिण तीरावरून डोंगराची एक लांब सोंड थेट पाण्यात घुसली आहे. सोंडेच्या पाठीवर किल्ला, उतारावर दीपगृह, आणि सोंड जमिनीला जिथे जोडली जाते तिथे गाव. आपल्याकडे वर्षाला सहाशे-सातशे मिलिमीटर पाऊस झाला तर आपण देवाचे आभार मानतो. तिकडे दोन हजारांच्या वर पडतो. भात, नारळ, मासळी यांवर गाव जगते.

ही सोंड ज्याच्या हाती, त्याच्या तोफा खाडीच्या तोंडावर. एवढी एक गोष्ट ध्यानात ठेवली की गावाचा इतिहास उलगडतो. १५०८ साली चौलाच्या पाण्यात इजिप्त आणि गुजरात यांच्या आरमारांनी मिळून पोर्तुगीजांना गाठले. त्या लढाईत पोर्तुगीज व्हाइसरॉयचा मुलगा मारला गेला. तरी १५२१ मध्ये निजामशहाच्याच परवानगीने पोर्तुगीजांनी रेवदंड्यास कोट बांधावयास घेतला. शेजाऱ्याला ओसरी द्यावी आणि त्याने माजघर मागावे, तसा हा प्रकार. १५७०-७१ मध्ये मुर्तझा निजामशहाने कोटाला वेढा घातला, तो फसला. पुढे १५९४ मध्ये बुऱ्हाण निजामशहाने समोरच्या सोंडेवर, म्हणजे कोर्लईला, तटबंदी उभारून रेवदंड्यावर तोफा डागल्या. पोर्तुगीजांनी खाडी ओलांडून ती जागाच जिंकली. निजामशाहीचा सरदार फरहादखान कैद झाला. दुसऱ्याच वर्षी बुऱ्हाण वारला, मोगल अहमदनगरावर चालून आले आणि चांदबिबीला तट राखावा लागला. आपल्या इतिहासाच्या पुस्तकांत चांदबिबी असते, कोर्लई नसते.

गंमत अशी की त्या साली पोर्तुगालच्या गादीवर स्पेनचा राजा दुसरा फिलिप होता; १५८० ते १६४० अशी साठ वर्षे ती दोन्ही राज्ये एकाच मुकुटाखाली होती. माद्रिदच्या राजाचा अंमल असा या चिमुकल्या गावापर्यंत पोचला होता.

१७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसई घेतली आणि १७४० च्या तहाने चौल व कोर्लई मराठ्यांकडे आली. अधिकारी, सैनिक, ऐपतदार घराणी गोव्याकडे निघून गेली. गरीब ख्रिस्ती कुटुंबे मात्र राहिली. बहुतेक इथल्याच मातीतली, बाटून ख्रिस्ती झालेली माणसे ती, जाणार कोठे? राज्य मराठ्यांचे झाले, १८१८ नंतर इंग्रजांचे झाले, पुढे स्वराज्य आले. ही माणसे मात्र घरात पोर्तुगीजच बोलत राहिली. आजही हजाराच्या आसपास माणसे ती बोलतात. तिला ते 'नो लिंग' म्हणतात, म्हणजे 'आपली भाषा'.

ही लिस्बनची पोर्तुगीज नव्हे. शब्द पुष्कळसे तिकडचे, पण वाक्याचा सांगाडा मराठीकडे झुकलेला. पोर्तुगीज माणूस 'मी खातो भात' या क्रमाने बोलतो. कोर्लईकर 'मी भात खातो' असे, आपल्यासारखे, क्रियापद शेवटी ठेवून बोलतो. शेजारच्या मराठीतली क्रियापदेही या भाषेने आपल्या प्रत्ययांत बसवून घेतली. अमेरिकेतील भाषाशास्त्रज्ञ क्लान्सी क्लेमेंट्स यांनी १९९६ मध्ये या भाषेच्या जन्मावर एक सबंध ग्रंथ लिहिला. उलट्या दिशेने पोर्तुगीज आपल्याकडेही आलीच आहे. घमेले, पगार, साबण, चावी, बादली, पाव हे शब्द चकलांब्यात रोज उच्चारले जातात. ते त्याच जहाजांतून उतरले. गोव्याचे मोन्सिन्योर दालगादो यांनी १९१३ मध्ये आशियाई भाषांतल्या अशा शब्दांचा कोशच केला.

आता खरा प्रश्न. वसई-मुंबईच्या पट्ट्यातही काही समाजांत पोर्तुगीज मिश्रभाषा बोलली जात होती. तिथे पोर्तुगीजांचा बडेजाव कोर्लईहून कितीतरी मोठा होता. ती भाषा लोपली आणि या खेड्यातली टिकली, हे कसे? आमच्या मते उत्तर नकाशात आहे. एका बाजूस समुद्र, दुसऱ्या बाजूस खाडी, मागे डोंगर. लग्ने आपापसांत, देऊळ म्हणजे चर्च ते एकच, पोर्तुगीज जाणणारे पाद्री अधूनमधून येणारे, आणि मुंबईच्या नोकऱ्यांची व इंग्रजीची ओढ फार उशिरा लागलेली. गरिबीने आणि खाडीने मिळून ही भाषा राखली. हे म्हणताना आम्हांला बरे वाटत नाही. भाषा टिकावी म्हणून माणसांनी अडगळीत राहावे असे कोण म्हणेल?

मराठवाड्याला हे समजावून सांगावे लागू नये. १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत आपल्याकडे कचेरीचा कागद उर्दूत, उस्मानिया विद्यापीठाचे शिक्षण उर्दूत आणि चुलीपाशी मराठी, असा संसार होता. पण आपल्या मराठीच्या पाठीशी निजामाच्या हद्दीपलीकडे कोट्यवधी माणसे, छापखाने, नाटके, वर्तमानपत्रे उभी होती. कोर्लईच्या भाषेमागे कोण? लिस्बन सातासमुद्रापलीकडे, गोव्यात घरोघर कोकणी, आणि १९६१ नंतर तिथूनही पोर्तुगीज सत्ता गेली. एका गावाची भाषा, त्या गावाबाहेर तिला घर नाही.

ऐंशीच्या दशकात कुंडलिकेच्या खाडीवर पूल झाला. रुग्णाला होडीची वाट पाहावी लागेना, मुलांना कॉलेज जवळ आले. ही गोष्ट चांगलीच झाली. त्याच पुलावरून तरुण मुंबईला जाऊ लागले. शाळेत मुले मराठी शिकतात, नोकरीसाठी इंग्रजी धरतात, आणि काही घरांत आईबाप मुलांशी मराठीतच बोलतात. त्यांना दोष देण्याचा अधिकार आपल्याला नाही. आपणही तेच करीत आहोत, फक्त आपली भाषा मोठी असल्याने ते लवकर दिसून येत नाही.

कोणाला जावयाचे असेल तर वाट अवघड नाही. अलिबागहून रेवदंडा, तिथून पूल ओलांडला की कोर्लई. दीपगृहाकडून किल्ल्यावर चढावे. एका हाताला खाडी आणि दुसऱ्या हाताला अथांग समुद्र दिसतो. किल्ल्यात पडक्या चर्चच्या भिंती आहेत. गावात मराठीत काही विचारलेत तर उत्तर मराठीतच मिळेल, अगदी आपल्यासारख्या मराठीत. ती दुसरी भाषा ऐकायची असेल तर रविवारी प्रार्थना संपल्यावर चर्चमधून बाहेर पडणाऱ्या म्हाताऱ्या बायकांच्या घोळक्यापासून थोडे अंतर राखून उभे राहावे, आणि आपण काही बोलू नये.