सन सिटीचे निमंत्रण

(एका अभ्यासमंडळात केलेले भाषण)



कलेला राजकारणाच्या सीमा नसतात, हे वाक्य आपण नेहमी ऐकतो. ते कोणाच्या मंचावरून उच्चारले जाते, हे मात्र पाहत नाही. ऑक्टोबर १९८४ मध्ये 'क्वीन' या ब्रिटिश रॉक बँडने दक्षिण आफ्रिकेतील सन सिटीत कार्यक्रम केले, तेव्हा त्यांचा बचाव याच धर्तीचा होता. आम्ही वर्णद्वेषाचे विरोधक आहोत, आमच्या श्रोत्यांत सर्व वर्णांचे लोक आहेत, असे ते सांगत.

सन सिटी ही जुगाराची विलासनगरी बोफुथात्स्वानात होती. गोऱ्या राजवटीने १९७७ साली 'स्वतंत्र' म्हणून जाहीर केलेल्या या प्रदेशाला जगातील एकाही अन्य देशाने मान्यता दिली नव्हती. कृष्णवर्णीयांना त्यांच्याच देशात परके ठरविण्याची ती युक्ती होती. प्रेक्षागृहात भेदभाव नसेलही. ते ज्या भूमीवर उभे होते, ती भूमीच वर्णद्वेषाची निर्मिती होती! महिन्यापूर्वीच शार्पव्हिल-सेबोकेंग भागात भाडेवाढीविरुद्ध उठाव होऊन माणसे मारली गेली होती.

आणि गायक कोण? फ्रेडी मर्क्युरी, म्हणजे फारूख बलसारा. १९४६ साली झांझिबारला जन्मलेला पारशी, आपल्या पाचगणीच्या शाळेत शिकलेला. त्याच वर्षी भारताने दक्षिण आफ्रिकेशी व्यापार तोडला. १९७४ साली डेव्हिस चषकाची अंतिम लढतही भारताने सोडून दिली. अमृतराज बंधूंना त्याचे दुःख झाले असणारच. ऑगस्ट १९८४ मध्ये गोऱ्या सरकारने भारतीयांना स्वतंत्र सभागृहाचे आमिष दाखविले, कृष्णवर्णीयांना काहीच नाही. बहुसंख्य भारतीय मतदार त्या निवडणुकीकडे फिरकलेच नाहीत. ते घरी बसले, आणि दोनच महिन्यांनी बलसारा गायला आला.

बहिष्कार नेहमीच योग्य असतो, असे माझे म्हणणे नाही. २०१६ साली रोलिंग स्टोन्स हवानात गायले, याचा मला आनंदच वाटला. क्यूबाला एकटे पाडा अशी हाक तेथील जनतेची नव्हती, वॉशिंग्टनची होती. दक्षिण आफ्रिकेत मात्र हाक पीडितांचीच होती. लुथुलींपासून आफ्रिकन नॅशनल काँग्रेस ती देत होती, आणि १९८० साली संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने सांस्कृतिक बहिष्काराचा ठराव केला होता.

ब्रिटनमधील वादकांच्या कामगार संघटनेने बँडला दंड केला. मर्क्युरी १९९१ साली वारला. २००३ साली केपटाऊनला मंडेलांच्या एड्सविरोधी मोहिमेसाठी बँडचे दोन साथीदार वाजवायला गेले. तेव्हा निमंत्रण मंडेलांच्या बाजूचे होते.