मुष्टियोद्धा मुरलीकांत पेटकर : शरीर, पेशा आणि स्मरण



साहित्यसंस्थेच्या व्याख्यानमालेत मुष्टियोद्ध्याचे चरित्र कशासाठी, असा प्रश्न तुमच्या मनात येणे स्वाभाविक आहे. मांद्रेच्या मंडळींना नाटक, कीर्तन, भजन, दशावतार यांवरची व्याख्याने नवी नाहीत. खेळ म्हटला की गोव्यात फुटबॉलचे नाव आधी येते. बॉक्सिंग म्हटले तर मोहम्मद अली आठवतो, अमेरिका आठवते आणि विषय तिथेच संपतो. तरीही हा विषय आपल्यापासून वाटतो तितका दूर नाही. रापण ओढणारा रापणकार, माडावर चढणारा पाडेली, रात्रभर नाचून पहाटे तोंडाचा रंग पुसणारा दशावतारी नट या सर्वांचे भांडवल म्हणजे त्यांचे शरीर. ज्याचे पोट शरीरावर चालते त्याचे शरीरच निकामी झाले तर तो काय करतो, आणि त्याच्या भोवतीचा समाज काय करतो? हा प्रश्न मुरलीकांत राजाराम पेटकर या मराठी मुष्टियोद्ध्याच्या आयुष्यात फार स्पष्टपणे दिसतो. म्हणून आज त्यांच्याविषयी.

प्रथम पेशाविषयी थोडे. आधुनिक मुष्टियुद्धाला शिस्त लावणारे नियम इंग्लंडात १८६७ साली प्रसिद्ध झाले. हातात ग्लोव्हज, तीन मिनिटांची फेरी आणि दोन फेऱ्यांमध्ये एक मिनिटाची विश्रांती, ही चौकट त्यांतूनच आली. इंग्लंड-अमेरिकेत हा पुढे रीतसर धंदा झाला. तिकडच्या धंदेवाईक बॉक्सरला बिदागी मिळते. त्याचा व्यवस्थापक असतो, लढतींचे करार असतात, विजेतेपदाचा पट्टा असतो. आपल्या देशात असा धंदा फारसा रुजला नाही. २००८ साली बीजिंगमध्ये कांस्यपदक मिळवणारा विजेंदरसिंग २०१५ मध्ये व्यावसायिक रिंगणात उतरला, तेव्हा ती मोठी बातमी झाली, एवढी ती गोष्ट दुर्मीळ होती. मग आपल्याकडचा बॉक्सर जगला कशावर? तो जगला नोकरीवर. लष्कर, पोलीस आणि रेल्वे हेच त्याचे आश्रयदाते. बिदागीच्या जागी पगार, व्यवस्थापकाच्या जागी वरिष्ठ अधिकारी, आणि खुराक सरकारी. आपल्याकडे हा पेशा वर्दीच्या आत जगला. पेटकरांची सुरुवातही तिथूनच झाली.

त्यांचा जन्म १ नोव्हेंबर १९४४ रोजी सांगली जिल्ह्यातल्या पेठ-इस्लामपूर भागात झाला. हा सगळा मुलूख तालमींचा. लाल मातीत घाम गाळल्याशिवाय इथल्या पोराचे बालपण पुरे होत नसे. कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव याच टापूतले. १९५२ साली हेलसिंकीत त्यांनी कुस्तीत कांस्यपदक मिळवले. स्वतंत्र भारताचे ऑलिंपिकमधले ते पहिले वैयक्तिक पदक. त्यांना तिकडे पाठवण्यासाठी कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपले घर गहाण ठेवून सात हजार रुपये उभे केले होते. ही गोष्ट ध्यानात ठेवा, पुढे तिचा संबंध येणार आहे. पेटकरही लहानपणी कुस्ती खेळले, आणि कोवळ्या वयातच घर सोडून सैन्यात गेले.

सैन्यात ते ईएमई या दलात क्राफ्ट्समन झाले. वाहने, यंत्रे आणि शस्त्रे दुरुस्त करणारे हे दल. तिथे, सिकंदराबादेत, कुस्तीतल्या पोराच्या हातांवर ग्लोव्हज चढले. कुस्ती आणि मुष्टियुद्ध यांत एक मोठा भेद आहे. कुस्तीत प्रतिस्पर्ध्याला कवेत घ्यायचे असते, मुष्टियुद्धात त्याला अंतरावर ठेवायचे असते. पाहणाऱ्याला वाटते की बॉक्सर हाताने मारतो. प्रत्यक्षात ठोसा पायातून निघतो. मागच्या पायाचा पंजा जमिनीला रेटा देतो, तो रेटा कमरेच्या वळणातून खांद्यात येतो आणि खांद्यातून मुठीत उतरतो. हात हा या साखळीचा शेवटचा दुवा. म्हणूनच चांगला उस्ताद नव्या पोराला महिनोन्महिने फक्त पाय हलवायला शिकवतो. पेटकर हे शिकले, आपल्या दलात नावारूपाला आले आणि १९६४ साली सेनादलांच्या आंतरराष्ट्रीय क्रीडामेळ्यासाठी तोक्योपर्यंत जाऊन आले. तेव्हा ते विशीत होते.

पुढच्याच वर्षी भारत-पाकिस्तान युद्ध पेटले. त्या दिवसाची हकीकत पेटकरांनी मुलाखतींतून सांगितली आहे. छावणीत शिट्टी वाजली. काही जवानांना ती चहाची वाटली. ती हवाई हल्ल्याची होती. पेटकरांना अनेक गोळ्या लागल्या आणि त्यांतली एक मणक्यात रुतून बसली. जीव वाचला, पण कमरेखालचे शरीर गेले.

ठोशाची साखळी आता आठवा. पंजा गेला, पोटरी गेली, कमर गेली. उरले ते खांदे आणि हात, म्हणजे साखळीचा शेवटचा तुकडा. मुष्टियोद्धा म्हणून त्यांचे आयुष्य तिथे संपले, यात शंका नाही. सांत्वनासाठी आपण म्हणतो की जिद्द असली की सारे होते. तसे नसते. गेलेले पाय जिद्दीने परत येत नाहीत. पेटकरांच्या बाबतीत जे झाले ते अधिक साधे आहे, आणि म्हणूनच अधिक शिकण्यासारखे आहे.

मुंबईच्या कुलाब्यातील अश्विनी या नौदल रुग्णालयात त्यांच्यावर उपचार झाले. उपचाराचा भाग म्हणून त्यांना पाण्यात उतरवण्यात आले. या उपचारामागे एक इतिहास आहे. दुसऱ्या महायुद्धापूर्वी मणका दुखावलेला सैनिक खाटेवर पडून काही काळाने मरायचा, असेच धरून चालत. नाझींच्या छळामुळे १९३९ मध्ये जर्मनी सोडून इंग्लंडात आलेले ज्यू डॉक्टर लुडविग गुटमन यांनी ही समजूत मोडली. १९४४ पासून स्टोक मँडेविलच्या रुग्णालयात त्यांनी अशा सैनिकांना खाटेवरून उठवून कामाला आणि खेळाला लावले. २९ जुलै १९४८ रोजी, लंडन ऑलिंपिकच्या उद्घाटनाच्याच दिवशी, त्यांनी रुग्णालयाच्या आवारात चाकाच्या खुर्चीवरच्या सोळा जणांची तिरंदाजीची स्पर्धा घेतली. आजच्या पॅरालिंपिकचे मूळ त्या हिरवळीवर आहे.

आपण समुद्रकाठची माणसे. पाणी माणसाचे वजन उचलते, हे आपल्याला वेगळे सांगायला नको. जमिनीवर ज्या शरीराला दुसऱ्याच्या आधाराने हलावे लागते, ते पाण्यात स्वतः हलते. मात्र पोहणे म्हणजे नुसते तरंगणे नव्हे. पाय मारता येत नसले की ते खाली ओढले जातात आणि सगळा भार खांद्यांवर येतो. पेटकरांचे खांदे मुष्टियोद्ध्याचे होते. दम कसा राखावा, थकव्यात लय कशी सोडू नये, घंटा होईपर्यंत कसे टिकावे, हे त्यांच्या अंगात आधीच मुरलेले होते. रिंगणात मिळवलेली ही पुंजी रिंगण सुटल्यावरही त्यांच्याजवळ राहिली.

पण पुंजी असून भागत नाही, कोणी तरी वाट काढून द्यावी लागते. पेटकरांच्या बाबतीत दोन वाटा निघाल्या. पहिली नोकरीची. मदत देऊ केली गेली तेव्हा त्यांनी पैशांऐवजी काम मागितले, असे ते सांगत आले आहेत. पुण्याच्या टेल्कोत त्यांना काम मिळाले आणि तिथे त्यांनी दीर्घकाळ नोकरी केली. दुसरी वाट परदेशातल्या स्पर्धांची. क्रिकेटमधून निवृत्त झाल्यावर विजय मर्चंट यांनी अपंगांसाठी मोठे काम केले. त्यांच्या संस्थेने प्रवासाच्या खर्चाला हातभार लावला. खाशाबांसाठी घर गहाण टाकणारे प्राचार्य आणि पेटकरांच्या तिकिटाची सोय करणारे माजी क्रिकेटपटू यांच्यात वीस वर्षांचे अंतर आहे. या दोन्ही वेळी सरकारच्या आधी एखादा माणूस पुढे आला.

१९६८ मध्ये तेल अवीवच्या पॅरालिंपिकमध्ये पेटकर टेबल टेनिस खेळले. १९७० मध्ये एडिंबरा येथे राष्ट्रकुल देशांतील अपंगांच्या स्पर्धेत त्यांनी ५० मीटर फ्रीस्टाइल पोहण्यात सुवर्ण, भालाफेकीत रौप्य आणि गोळाफेकीत कांस्य मिळवले. मग १९७२ साल आले. त्या वर्षीची पॅरालिंपिक म्युनिकला व्हायची होती. परंतु तिथल्या क्रीडाग्रामाच्या सदनिका करायच्या असल्याने स्पर्धा हायडेलबर्गला हलवण्यात आली. ऑगस्टमध्ये, म्युनिक ऑलिंपिकच्या आधी, ती पार पडली. गुटमनना जो देश सोडावा लागला, त्याच देशात त्यांनी सुरू केलेली स्पर्धा भरली होती. तिथे पेटकरांनी ५० मीटर अंतर केवळ हातांच्या बळावर ३७.३३ सेकंदांत कापले. सुवर्णपदक आणि जागतिक विक्रम. ऑलिंपिक आणि पॅरालिंपिक दोन्ही धरले, तरी भारताचे ते पहिले वैयक्तिक सुवर्ण. ऑलिंपिकमध्ये असे सुवर्ण अभिनव बिंद्राने मिळवले ते २००८ मध्ये.

वाचकहो, आता मला तुमच्याकडून थोडा हिशेब करून हवा आहे. ३७ सेकंद म्हणजे देवळात घंटा वाजवून, हात जोडून, तीर्थ घेईपर्यंतचा वेळ. तेवढ्या वेळात जे झाले, त्याची दखल घेऊन पद्मश्री मिळाली ती २०१८ मध्ये. मध्ये ४६ वर्षे गेली. पॅरालिंपिकमधले भारताचे दुसरे सुवर्ण, देवेंद्र झाझरियाचे, २००४ मध्ये आले तेव्हाही पहिल्याची आठवण किती जणांना होती? जून २०२४ मध्ये ‘चंदू चॅम्पियन’ हा हिंदी चित्रपट आला आणि हे नाव घरोघरी पोचले. जीवनगौरवाचा अर्जुन पुरस्कार जानेवारी २०२५ मध्ये राष्ट्रपतींच्या हस्ते मिळाला, तेव्हा पेटकर ऐंशी वर्षांचे होते. खाशाबांना तर अर्जुन पुरस्कार मृत्यूनंतर मिळाला. १९८४ साली ते अपघातात गेले होते.

या विलंबाचा दोष एकट्या सरकारच्या पदरात टाकणे सोपे आहे. मला त्यात आपलाही वाटा दिसतो. शरीराने केलेले काम आपण कामाच्या क्षणी पाहतो, टाळ्या वाजवतो आणि विसरतो. कवीचे पुस्तक कपाटात राहते. पहिलवानाचा डाव, नटाचा गिरका, मुष्टियोद्ध्याचे पदलालित्य हवेत विरून जाते. ते टिकते फक्त कोणी लिहून ठेवले तर. पेटकरांचे चरित्र फार काळ लिखाणात नव्हते, म्हणून पिढ्यान्‌पिढ्या वाचणाऱ्या मराठी घरांनाही ते ठाऊक नव्हते. चित्रपटाने आपले काम केले, पण मराठी माणसाची गोष्ट मराठी घरांत हिंदी चित्रपटातून यावी, याचे थोडे वाईट मराठी साहित्यसंस्थांना वाटायला हवे.

आणि म्हणून हा विषय या व्याख्यानमालेत आणला. पेडणे महालात आजही अशी माणसे आहेत, ज्यांनी एके काळी जत्रेची रात्र गाजवली आणि आज गुडघे धरून सोप्यावर बसून आहेत. माडावरून पडून खाटेला खिळलेला एखादा पाडेली तुमच्याही ओळखीचा असेल. त्यांतला प्रत्येक जण पेटकर होणार नाही, होण्याची गरजही नाही. पेटकरांना तीन गोष्टी मिळाल्या : उपचार, काम, आणि तिकिटाची सोय करणारा एक माणूस. यांतली एखादी तरी गोष्ट गावाला देता येते. ती देता आली नाही, तर निदान चौथी द्यावी. एक वही घेऊन त्यांच्याजवळ बसावे आणि ते सांगतील ते नाव, गाव, सालासकट उतरवून घ्यावे. संस्थेच्या ग्रंथालयात त्या वहीसाठी जागा होईल. हे काम ते माणूस असेपर्यंतच करता येते.