दुसऱ्या दिवशी कोण येणार?

(एप्रिल २०२२मध्ये लोणी भापकर येथे मंडळीच्या सभेत केलेले भाषण)



गुढीपाडव्याला, २ एप्रिलला, राज्यातले कोरोनाचे निर्बंध उठले. मास्कसुद्धा आता ज्याच्या त्याच्या मर्जीवर. आनंदच आहे. पण ऊसतोड टोळ्यांच्या कोप्यांवर गेलो की पहिला प्रश्न ठरलेला असतो, "सगळं उघडलं ना दादा, मग आता सुई कशाला?" प्रश्न रास्त आहे. गेल्या ऑगस्टमध्ये मुंबईत दोन डोस घेतलेल्यांनाच लोकलचा पास मिळू लागला. लस म्हणजे फिरायचा परवाना, एवढंच ज्याच्या कानावर आलं, तो परवान्याची गरज संपल्यावर असंच विचारणार.

मागच्या नोव्हेंबरात पंतप्रधानांनी लसीकरणात मागे राहिलेल्या जिल्ह्यांची बैठक घेतली. त्यात नंदुरबार होता. पहिला डोससुद्धा निम्म्या लोकांपर्यंत गेला नव्हता. लगेच बोललं गेलं, आदिवासी अडाणी. मला हे मान्य नाही. १८९७च्या प्लेगात पुण्यात गोरे सोल्जर घरात घुसून रोगी शोधत, तेव्हा शिकलेल्या पेठांतही लोकांनी आजारी माणसं लपवली. त्याच वर्षी १० जानेवारीला मुंबईत डॉ. हाफकिन यांनी प्लेगची लस आधी स्वतःला टोचून घेतली होती, तरी लोक बिचकत होते. औषध घेऊन कोण येतो आणि कसा येतो, हे माणूस आधी बघतो.

आणि आपण तरी काय केलं? प्रकटीकरणाचा १३वा अध्याय, श्वापदाची खूण आणि लस एकत्र जोडलेले मेसेज आपल्याच मंडळ्यांतून पुढे गेले. पाठवणारे चांगले शिकलेले होते, हेही सांगून टाकतो.

कोपीवर मात्र शास्त्राचा वाद नसतो, हिशोब असतो. नवरा-बायको मिळून एक कोयता. लसीनंतर एकाला ताप आला की दोघांचं काम बसतं, आणि मुकादमाची उचल अंगावर तशीच राहते. शिबिर भरतं सकाळी अकराला, तेव्हा माणसं फडात. कोविशिल्डच्या दोन डोसांत कित्येक आठवडे जातात, तोवर टोळीचा मुक्काम हललेला. एका भिल्ल बाईने मला विचारलं, "आज टोचाल. उद्या मला उठवलं नाही तर भाकरी कोण टाकणार?" तिला लसीचे फायदे ऐकवून काय उपयोग? आम्ही दुसऱ्या दिवशी तापाच्या गोळ्या आणि दोन दिवसांचा शिधा घेऊन गेलो. ती उठून बसली होती. पुढच्या खेपेला शेजारच्या तीन कोप्यांनी आपणहून हात पुढे केला.

यंदा ऊस इतका उभा आहे की सोमेश्वर-माळेगावकडच्या टोळ्या अजून इथेच आहेत. नर्सबाई संध्याकाळी यायला तयार आहेत. शिधा जमला आहे. पत्रकं नकोत, ती पुष्कळ आहेत. दुसऱ्या दिवशी जायला माणसं हवीत, भिलोरी समजणारं कुणी असेल तर फारच बरं. सभेनंतर माझ्याकडे नावं द्या. पहाटे पाचला निघावं लागेल. सहानंतर कोपीवर फक्त लेकरं आणि तापाने पडलेली माणसं सापडतात.